सासूबाईंची राख आणि थर्मलची राख

गेल्या अंकात एका उत्तराच्या ओघात मी लिहून गेले होते की, औष्णिक वीज केंद्रातून, म्हणजे आपल्या 'थर्मल'मधून, निघणारी कोळशाची राख हा आपल्या विदर्भातला सगळ्यांत मोठा आणि सगळ्यांत कमी बोलला जाणारा कचरा आहे. (ही राख पाण्यात कालवून ज्या तळ्यात सोडतात तो राखेचा तलाव, आणि ती अडवणारी भिंत म्हणजे राखेचा बंधारा.) त्या एका वाक्यावर इतकी पत्रं आली की या वेळचं सदर त्यालाच देऊन टाकलं. आधीच सांगते, मी रसायनशास्त्र शिकवलं आहे, डॉक्टर नाही. औषधं विचारू नका. आणि मी कामठीची, कन्हानचं पाणी पिऊन वाढलेली. तटस्थपणाचा आव आणणं मला जमणार नाही.

मॅडम, आमचं गाव राखेच्या तलावापासून दीड-दोन किलोमीटरवर आहे. होळीनंतर दुपारचा वारा सुटला की अंगणात, वाळवणावर, टाकीच्या झाकणावर राखेचा थर बसतो. सहा वर्षांच्या मुलाचा खोकला हटत नाही. सासूबाई म्हणतात, आम्ही जन्मभर राखेनं भांडी घासली, राखुंडीनं दात घासले, आम्हाला काय झालं? त्यांना काय सांगू?
(एक गृहिणी, खापरखेडा परिसर)

ताई, सासूबाई त्यांच्या राखेपुरत्या अगदी बरोबर बोलतात, त्यांच्याशी भांडू नका. चुलीतली राख म्हणजे लाकडाची नाहीतर गोवरीची. झाडानं आपल्या आयुष्यात जमिनीतून जे घेतलं, पोटॅश, चुना, थोडं मॅग्नेशियम, तेच त्यात उरतं. कोळशाची गोष्ट निराळी. आपला कोळसा पंचवीस-तीस कोटी वर्षांपूर्वी गाडल्या गेलेल्या झाडोऱ्याचा, आणि तो गाडला गेला तोच भरपूर माती-गाळासकट. म्हणून भारतीय कोळशात साधारण ३० ते ४५ टक्के राखच असते. परदेशातून येणाऱ्या बऱ्याचशा कोळशात ती १०-१५ टक्क्यांच्या आसपास. आपण शंभर किलो जाळतो आणि पस्तीस-चाळीस किलो दगडमाती परत मिळवतो.

त्या दगडमातीत आर्सेनिक, शिसं, कॅडमियम, क्रोमियम, सेलेनियम, पारा हे सगळं अगदी किंचित असतं. पण कोळशातला जळणारा भाग निघून गेला की उरलेल्या राखेत त्यांचं प्रमाण अडीच-तीन पट होतं. (पारा त्यातल्या त्यात चलाख, तो बराचसा वाफ होऊन चिमणीतूनच निघून जातो.) आणि खरी मेख पुढे आहे. बॉयलरच्या भट्टीत तापमान १३००-१४०० अंशांवर जातं. त्या आचेत आर्सेनिक, सेलेनियम, कॅडमियम, शिसं यांची वाफ होते. वायू थंड होताना ती वाफ राखेच्या कणांवर जाऊन बसते, आणि वजनाच्या मानानं जास्त पृष्ठभाग असतो तो बारीक कणांना. म्हणजे कण जितका बारीक तितका त्याच्यावर धातूंचा थर जास्त. फुप्फुसात खोलवर उतरतात तेही बारीकच कण. दोन्ही वाईट गोष्टी एकाच कणात जमतात.

म्हणून तुमच्या कुरडयांवर जी राख दिसते तिची मला त्यामानानं कमी भीती वाटते. ती जाड असते, नाका-घशात अडकते, चिडचिड करते. दहा मायक्रॉनच्या (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) आतली धूळ डोळ्याला दिसत नाही. आपल्याकडे तिच्यासाठी २४ तासांची मर्यादा आहे घनमीटरमागे १०० मायक्रोग्रॅम, आणि अडीच मायक्रॉनच्या आतल्या धुळीसाठी ६०. वाऱ्याच्या दुपारी तलावाकाठच्या गावात काय होत असेल ते तुम्हाला खिडकीतूनच दिसतं.

मुलाला डॉक्टरकडे न्याच, आणि नुसतं 'खोकला आहे' असं सांगू नका. राखेच्या तलावाजवळ राहतो, मार्च ते जून वाढतो, पावसाळ्यात कमी होतो, हे सगळं सांगा. दमा असेल तर निदानाला त्याची मदत होते. इन्हेलर दिला तर 'सवय लागते' म्हणून फेकू नका. घरात केरसुणी बंद, ओल्या फडक्यानं पुसायचं. झाडलं की बसलेली राख परत हवेत येते. वाळवणं सकाळी लवकर घाला, वर पातळ धोतराचं कापड टाका आणि वारा सुटायच्या आत उचला. पालेभाजी दोन-तीन पाण्यांतून काढा. एवढं सगळं तुम्ही करायचं, याचा मला संताप येतो. कारण तलावावर पाण्याचा थर ठेवणं, पाणी शिंपडत राहणं, भरलेल्या भागावर माती टाकून झाडं लावणं हे वीज केंद्रानं करायचं, आणि ते त्यांच्या कागदांवर लिहिलेलं असतं. राख उडेल त्या दिवशी तारखेसकट फोटो काढा आणि ग्रामपंचायतीमार्फत महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या उपप्रादेशिक कार्यालयात लेखी तक्रार द्या. पोच घ्या. तोंडी तक्रार वाऱ्यावर जाते.

आमच्या विहिरीचं पाणी दिसायला स्वच्छ आहे पण डाळ शिजत नाही. ग्रामपंचायतीनं पाणी तपासून आणलं, 'पिण्यायोग्य' असा शेरा आहे. शेजारीच राखेचा बंधारा. विश्वास ठेवावा का? उकळून प्यायलं तर चालेल का? तुरटी फिरवावी का?
(एक शेतकरी, कामठी तालुका)

भाऊ, आधी तो अहवाल हातात घ्या आणि काय तपासलंय ते वाचा. बहुतेक वेळा त्यात सामू (पीएच), क्षार, जडपणा, नायट्रेट, क्लोराइड, फ्लोराइड, लोह आणि जिवाणू एवढंच असतं. त्यापुरतं पाणी पिण्यायोग्य असेलही. आर्सेनिक, पारा, शिसं तपासलेलंच नसेल तर 'पिण्यायोग्य' या शेऱ्याला राखेच्या बाबतीत काही अर्थ नाही. वेगळं मागावं लागतं, पैसेही जास्त पडतात. भारतीय मानकाप्रमाणे पिण्याच्या पाण्यात लिटरमागे आर्सेनिक ०.०१ मिलिग्रॅम, शिसं ०.०१, पारा ०.००१ आणि फ्लोराइड १ मिलिग्रॅम (दुसरा स्रोतच नसेल तर १.५) ही मर्यादा आहे.

दोन गोष्टी आणखी तपासून घ्या, सल्फेट आणि बोरॉन. हे दोन्ही राखेतून पाण्यात पटकन उतरतात आणि मातीत फारसे अडकत नाहीत, म्हणून झिरपण्याची पहिली वर्दी तेच देतात. आणि एकट्या तुमच्या विहिरीचा नमुना देऊ नका. बंधाऱ्याच्या वरच्या अंगाला, चढावर असलेल्या एखाद्या विहिरीचाही द्या. आपल्याकडे फ्लोराइड खडकातूनही येतं. यवतमाळ, चंद्रपूरमधल्या कित्येक गावांत थर्मल नसतानाही ते आहे. वरच्या विहिरीत कमी आणि खालच्या विहिरीत जास्त निघालं तरच बोट दाखवता येतं. नाहीतर साहेब 'हे नैसर्गिक आहे' म्हणून फाइल बंद करतात, आणि पुरावा नसेल तर त्यांना खोटं तरी कसं म्हणणार? नमुना घेताना पंप दहा-पंधरा मिनिटं चालू द्या, मग भरा. धातूंसाठीची बाटली प्रयोगशाळेकडूनच मागून घ्या, त्यात आम्ल घालावं लागतं. घरच्या बिसलेरीच्या बाटलीत नेलं तर धातू बाटलीलाच चिकटून बसतात आणि आकडा खोटा येतो.

डाळ न शिजणं हा पाण्याच्या जडपणाचा दोष. तेवढ्यावरून राख झिरपली असं म्हणता येत नाही.

उकळण्याचं म्हणाल तर जिवाणू मरतात, धातू जात नाहीत. उलट पाणी आटतं आणि धातू मागे राहतात. तुरटीनं गढूळपणा खाली बसतो. क्लोरिननं जंतू मरतात. या तिन्हींतलं एकही आर्सेनिकवर उपाय नाही. आरओ बऱ्याच अंशी काढतं, पण पडदा वेळेवर बदलला तरच. खरा उपाय दुसऱ्या स्रोताचं पाणी, तेही नळानं. ते मागायलाच तर अहवाल हवा.

२०२२च्या जुलैत कोराडीच्या वीज केंद्राचा खसाळा इथला राख बंधारा फुटला, राखेचं पाणी कोलार आणि कन्हान नदीत उतरलं आणि नागपूरच्या काही भागांचा पाणीपुरवठा विस्कळीत झाला, ते सगळ्यांना आठवतं. मध्य प्रदेशात सिंगरौलीजवळ सासन इथे १० एप्रिल २०२० ला बंधारा फुटून सहा जण दगावले. अमेरिकेत टेनेसी राज्यातल्या किंग्स्टनला २२ डिसेंबर २००८ च्या रात्री फुटला तेव्हा सुमारे ४१ लाख घनमीटर राखेचा चिखल बाहेर पडला. फुटलेला बंधारा दिसतो, कॅमेरे येतात, मंत्री येतात. झिरपणारा दिसत नाही. जुन्या तलावांच्या तळाशी प्लॅस्टिकचं अस्तर नाही, राख वर्षानुवर्षं पाण्यात भिजत बसलेली आहे, आणि आपली राख अल्कधर्मी असली तरी आर्सेनिक, सेलेनियम, बोरॉन हे अल्कधर्मी पाण्यातही सुटतात. मला विचाराल तर मला झिरपण्याची काळजी फुटण्यापेक्षा जास्त आहे.

एक ठेकेदार म्हणतो, शेतात राख टाका, काळी जमीन भुसभुशीत होते, टिप्परमागे एक पैसा नको. माझ्याकडे चार एकर संत्रा आणि दोन एकर पडीक खोलगट आहे. घेऊ का?
(एक बागायतदार, काटोलकडचे)

संत्र्यात घेऊ नका. हे मी ठामपणे सांगते, कारण संत्रा-मोसंबीवर्गीय झाडं बोरॉनच्या बाबतीत फार नाजूक. थोडा बोरॉन त्यांना लागतो, जरा जास्त झाला की जुन्या पानांचे शेंडे पिवळे पडतात, मग जळतात, पानगळ होते. ताज्या राखेत बोरॉन भरपूर आणि पाण्यात लगेच विरघळणारा. एकदा मुळांपाशी गेला की तुम्ही काढणार कसा?

काळ्या चिकट जमिनीचा पोत राखेनं सुधारतो हे खोटं नाही. त्यावर कृषी विद्यापीठांत प्रयोग झाले आहेत. कापूस, गहू अशा पिकांना मोजून-मापून, शेणखताबरोबर दिल्यावर चांगले निकालही आले. पण प्रयोगातली राख तपासलेली असते आणि माती दर वर्षी तपासली जाते. ठेकेदार यातलं काय करणार आहे? राखेत नत्र जवळपास नसतं, सेंद्रिय कर्बही नाही. खत म्हणून तिची किंमत शेणखताच्या टोपलीपुढे काहीच नाही.

आता फुकट का, ते ऐका. केंद्र सरकारनं राख वापरण्याची सक्ती पहिल्यांदा १९९९ साली केली, मग तीत बदल होत गेले आणि ३१ डिसेंबर २०२१ च्या अधिसूचनेनं प्रत्येक वीज केंद्रानं ठरलेल्या वर्षांच्या चक्रात १०० टक्के राख वापरलीच पाहिजे असं सांगितलं. न वापरलेल्या राखेवर टनामागे १००० रुपये भरपाई. म्हणजे ती तुमच्या शेतात उतरली की कुणाचा तरी दंड वाचतो आणि वाहून नेणाऱ्याला बहुधा टनावर पैसे मिळतात. तुमच्यावर उपकार नाही तो.

देशभरात २०२१-२२ साली सुमारे २७ कोटी टन राख निघाली आणि त्यातली ९५ टक्क्यांहून जास्त 'वापरली' असा सरकारी हिशेब आहे. त्या वापरात सिमेंट आहे, विटा आहेत, रस्ते आहेत. आणि खड्डे, खोलगट जमिनी, बंद खाणी भरणंही आहे. खड्डा भरणं हा वापर की तलावाची जागा बदलणं, हे तो खड्डा कसा भरला यावर ठरतं. तुमच्या दोन एकराचं तेच. परवानगीचा कागद दाखवा म्हणा. नाला किंवा विहीर जवळ असेल तर नकोच. भरलीच तर वर मातीचा जाड थर लेखी कबूल करून घ्या, नाहीतर उन्हाळ्यात तुमच्याच बागेवर उडेल ती.

आम्ही घर बांधतोय. मिस्त्री फ्लाय ॲशच्या विटा सुचवतो. व्हॉट्सॲपवर आलंय की त्या किरणोत्सारी असतात. लहान बाळ आहे घरात. भीती वाटते.
(एक वाचक, वर्धा)

बांधा खुशाल. फ्लाय ॲश म्हणजे हीच कोळशाची बारीक राख. तिच्यात युरेनियम-थोरियम किंचित असतात हे खरं, धातूंसारखेच तेही राखेत साचतात. पण साठलेल्या प्रमाणातसुद्धा ते साधारण ग्रॅनाइटसारख्या खडकांच्या आसपासच राहतात. अमेरिकेच्या भूवैज्ञानिक सर्वेक्षणानं १९९७ साली हेच सांगितलं होतं. स्वयंपाकघरात ग्रॅनाइटचा ओटा घालताना कुणी मला पत्र लिहीत नाही. ती अफवा जिथून निघते तो १९७८ सालचा एक शास्त्रीय लेख आहे, त्यात कोळसा केंद्राच्या चिमणीतून बाहेर पडणाऱ्या किरणोत्साराची तुलना अणुकेंद्रातून बाहेर पडणाऱ्याशी केली होती. विटांचा त्यात संबंध नव्हता.

शिवाय तुमचं घर राखेवाचून बांधलंच जाणार नाही. बाजारात मिळणारं पीपीसी, म्हणजे राख मिसळलेलं, सिमेंट घ्या, त्यात १५ ते ३५ टक्के फ्लाय ॲश असते. राख सिमेंट-चुन्यात बांधली गेली की धातू जवळपास जागीच अडकतात. उडत नाही, झिरपत नाही. तलावातली राख आणि भिंतीतली राख एकच, तरी पहिलीपासून मी लांब राहीन आणि दुसरीच्या घरात झोपेन. वीट घेताना एवढंच बघा, ती नीट पाणी मारून मुरवलेली हवी, कडा हातानं चुरायला नकोत, दोन विटा एकमेकींवर वाजवल्या तर खणखणीत आवाज यावा. वायरिंगसाठी भिंत कापतील तेव्हा पाणी मारून कापायला लावा आणि बाळाला आजोळी पाठवा. ती काळजी लाल विटेलाही लागू आहे.

माझे मिस्टर कंत्राटात आहेत, राखेचे बल्कर (बंद टाकीचे ट्रक) भरण्याचं काम. तोंडाला रुमाल बांधतात. घरी येतात तेव्हा भुवयासुद्धा पांढऱ्या असतात.
(नाव-गाव दिलेलं नाही)

तुमचं पत्र मी सगळ्यांत जास्त वेळा वाचलं. रुमाल बारीक कण अडवत नाही. एन-९५ मास्क लागतो, तो नाकावर घट्ट बसावा लागतो आणि मळला की टाकून द्यावा लागतो. तो देणं मालकाचं काम आहे. तो मिळेपर्यंत तुम्ही विकत घ्या, भांडण नंतर. कामाचे कपडे घरात आणायचेच नाहीत, बाहेर झटकायचेही नाहीत. बादलीत बुडवायचे, वेगळे धुवायचे. अंघोळ झाल्याशिवाय मुलांना जवळ घ्यायचं नाही. हे त्यांना कठीण जाईल, तरी. वर्षातून एकदा फुंकून करायची फुप्फुसाची तपासणी आणि छातीचा एक्स-रे, दोन्हीचे कागद जपून ठेवा. तंबाखू-बिडी असेल तर ती आधी सोडा, राखेबरोबर ती दुप्पट महाग पडते.

किंग्स्टनचा मघाशी उल्लेख केला. ती राख उपसणाऱ्या कामगारांना मास्कची गरज नाही असं सांगण्यात आलं, अशी त्यांची तक्रार होती. पुढे फुप्फुसाचे आजार, कर्करोग निघाले. सफाईचं कंत्राट घेतलेल्या कंपनीनं सुरक्षेत कसूर केली आणि त्यातून हे आजार होऊ शकतात, असा निकाल ज्युरीनं द्यायला २०१८ साल उजाडलं. तोवर त्यातले कित्येक गेले होते. म्हणून म्हणते, कागद जपा, पहिल्या दिवसापासून.

पुण्यात राहणाऱ्यांनी हे सगळं कशाला वाचायचं?
(एक वाचक, कोथरूड)

एक युनिट विजेला साधारण सहाशे-सातशे ग्रॅम कोळसा लागतो. महिन्याला २०० युनिट वापरत असाल आणि ती सगळी कोळशाची धरली तर पंचेचाळीस-पन्नास किलो राख झाली. तुमच्या सोसायटीच्या कचरागाडीत ती येत नाही, कारण ती कोराडीत, चंद्रपुरात, परळीत, भुसावळजवळ दीपनगरात उतरते. एवढ्यासाठीच.

टीचर, आमच्या नदीवर कधीकधी पांढरा थर तरंगतो. राख तर माती असते, मग ती बुडत का नाही?
(इयत्ता नववी, कन्हान)

शाब्बास, हा प्रश्न कॉलेजातही कुणी विचारत नाही. भट्टीत राखेचे कण वितळतात. वितळलेल्या थेंबात कधी वायू अडकतो आणि थेंब तसाच थंड होतो. आतून पोकळ, बाहेरून काचेची भिंत. सूक्ष्मदर्शकाखाली बघशील तर गोल गोल मणी दिसतील. आत हवा असल्यानं ते पाण्यापेक्षा हलके, म्हणून तरंगतात. त्यांना सेनोस्फिअर म्हणतात आणि हलकं काँक्रीट, रंग अशा कामांसाठी ते चांगल्या भावानं विकले जातात. बाकीची राख बुडते, तळाशी बसते, तीच जास्त असते. मासे अंडी घालतात तो तळ तिनं झाकला जातो.

वर्गात दाखवायला थोडे हवे असतील तर नदीकाठचे घे, बाईंना सोबत घेऊन, आणि नंतर हात धू. राखेच्या तलावावर मात्र अजिबात जायचं नाही, गुरं हाकायलासुद्धा नाही. वरचा थर वाळून जमिनीसारखा टणक दिसतो, खाली ओला चिखल असतो, आणि पाय आत गेला की तो सुटत नाही. घरी गाई-म्हशी असतील तर बाबांनाही सांग.